छपरावर कोण चढतं?

छपराचं काम ऑफिसात बसून होतं, याचं मला नवल वाटत नाही. १८६५ मध्ये बासेल मिशनच्या जॉर्ज प्लेब्स्टने मंगळुरात कौलांचा कारखाना काढला, तेव्हाच हे काम विभागलं गेलं. गावच्या कुंभाराचे नळे हळूहळू मागे पडले. एकमेकांत अडकणारी साच्यातली कौलं समुद्रमार्गे कोकणात, मुंबईत आली. अर्धं काम दूरच्या कारखान्यात, अर्धं छपरावर. आता अमेरिकेत हवाई फोटोंवरून छपराचा उतार मोजतात, खर्चाचा अंदाजही तिथूनच देतात. मोजणाऱ्याला शिडी चढावी लागत नाही, हे चांगलंच. पण आमच्या कोकणात पावसाआधी फुटकं कौल बदलायला माणूसच वर जातो. पडण्याचा धोका अजून त्याच्याच वाट्याला आहे, मग मजुरी ठरवताना तो का मोजत नाहीत?