मृगाचा किडा की आर्द्रेचा?

पहिला दमदार पाऊस पडून गेला की आदिलाबादच्या काळ्या रानात लाल मखमलीचे ठिपके चालू लागतात. मराठी घरातले मूल त्याला मृगाचा किडा म्हणते. शेजारच्या तेलुगू घरातले मूल त्याच जिवाला ‘आरुद्र पुरुगु’, म्हणजे आर्द्रेचा किडा म्हणते. उर्दू घरात तो बीरबहूटी होतो. तिथे नक्षत्राचा संबंध नाही. खरे तर तो किडाही नव्हे. त्याला आठ पाय असतात आणि तो कोळी-गोचिडांच्या कुळातला. वर्षातला बहुतेक काळ तो जमिनीखाली काढतो. माती भिजली की वर येतो, वाळवीवर ताव मारतो, जोडीदार गाठतो आणि पुन्हा मातीत नाहीसा होतो. त्याला पंचांग कळत नाही, त्याला ओल कळते. मग मराठीने त्याला मृगाच्या आणि तेलुगूने आर्द्रेच्या पदरात का घातले?

सूर्य एका नक्षत्रात सुमारे चौदा दिवस असतो. रोहिणी निघते २५ मेच्या सुमारास, मृग ७ किंवा ८ जूनला, आर्द्रा २१-२२ जूनला. तेलुगूत यांनाच ‘कार्ते’ म्हणतात. रोहिणी कार्तेत उखळेसुद्धा तडकतात, असे तिकडची म्हण सांगते. मृगशिर कार्ते लागली की तेलंगणात घरोघरी मासळी शिजते. आपल्याकडे त्या दिवशी पंचांग उघडून वाहन पाहायचे. सूर्याच्या नक्षत्रापासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजायचे, नवाने भागायचे, उरलेल्या आकड्यावरून बेडूक, म्हैस, हत्ती की गाढव ते ठरवायचे. म्हैस आली की म्हातारी माणसे खूष. हवामानशास्त्राला हा हिशेब पटणारा नाही, पण त्या दिवशी सारे घर आभाळाविषयी बोलते, एवढे त्याचे श्रेय मान्य करायला हवे.

आता कोडे पाहा. पाऊस दक्षिणेकडून चढत येतो. तेलुगू मुलुखाचा बराच भाग आपल्या आधी भिजतो. म्हणजे नावे उलटी असायला हवी होती: तिकडे मृगाचा किडा, इकडे आर्द्रेचा.

यावर थोडा उजेड पडतो तो अयनचलनाने. सूर्य एका ताऱ्यापासून निघून पुन्हा त्याच ताऱ्यापाशी यायला जो काळ लागतो, तो ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे वीस मिनिटांनी जास्त आहे. वीस मिनिटे म्हणजे काहीच नाही; पण सत्तर-एकाहत्तर वर्षांत त्यांचा एक दिवस होतो. नक्षत्र ताऱ्यांना बांधलेले, पाऊस ऋतूला बांधलेला, म्हणून मृग दर दोन-तीन पिढ्यांनी एक दिवस उशिरा निघतो. लोकमान्य टिळकांनी १८९३ च्या ‘ओरायन’मध्ये वेदांचा काळ काढला तो याच सरकण्याच्या आधारावर. एके काळी वसंतसंपात मृगशीर्षात होता, हे त्यांच्या युक्तिवादाचे मूळ.

आजच्या तारखांच्या मापाने मागे गेलो तर शिवछत्रपतींच्या राज्याभिषेकाच्या वर्षी, १६७४ ला, मृग ३ जूनच्या आसपास निघाला असणार. आणखी मागे, देवगिरीला यादव आणि ओरुगल्लूला काकतीय राज्य करीत होते त्या तेराव्या शतकात, मृग मेअखेरीस, रोहिणीच्या आजच्या उन्हात, निघत होता आणि आर्द्रा १० जूनच्या सुमारास. म्हणजे आज ज्या दिवसांना आपण मृग म्हणतो, त्या दिवसांवर तेव्हा आर्द्रेची सत्ता होती. लाल किडा त्या दिवसांत वर आला असेल, तर त्याला आर्द्रेचा म्हणणे अगदी बरोबर होते.

तेलुगू नाव जुने, मराठी नाव नंतरचे, असा माझा तर्क आहे. पुरावा म्हणून एवढेच सांगता येईल की मराठी मुलुखात मृगाला पुढे सरकारी मान मिळाला. चौदाव्या शतकापासून दख्खनेत आलेला शुहूर सन मराठ्यांच्या दफ्तरात चालला, तो याच नक्षत्रावर बदलत असे. त्यालाच मृगसाल म्हणत. ‘खमस सबैन अलफ’, म्हणजे एक हजार पंचाहत्तर, असा अरबी अंकांत लिहिलेला सन कुळकर्ण्याच्या कागदावर सुरू व्हायचा तो मृग निघाल्यावर. सारा, खंड, चाकरी यांचे वर्ष ज्या दिवशी पालटते, त्या दिवसाचे नाव पावसालाच चिकटले तर नवल नाही. निजामाच्या राज्यात फसली साल पुढे ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात, १ आझूरला, सुरू होऊ लागले. तेव्हा आपल्या जिल्ह्यातल्या शेतकऱ्याचे एक वर्ष कचेरीत बदले आणि दुसरे रानात.

१९५६ ला किनवट आणि राजुरा पलीकडे गेले, २०१४ ला तेलंगण झाले, २०१६ ला जुन्या जिल्ह्याचे चार जिल्हे झाले. पैनगंगेच्या दोन्ही काठांवर कपाशीची धूळपेरणी मात्र अजून मृगाकडे पाहूनच होते. इथेच जिवाला लागणारी गोष्ट आहे. माणूस एका आयुष्यात एका दिवसाचे सरकणे ओळखू शकत नाही, म्हणून म्हण तशीच टिकते. मृगाच्या भरवशावर बियाणे मातीत टाकावे, एक सर यावी, कोंब वर यावा आणि मग दोन आठवडे आभाळ कोरडे जावे, हे या रानांनी पुष्कळदा पाहिले आहे. दुबार पेरणीचा खर्च सावकाराच्या वहीत चढतो. त्या कोरड्या पंधरवड्याला अयनचलन कारण नाही, हे मात्र सांगायला हवे. ते मोसमी वाऱ्यांचे लहरी वागणे, पूर्वीही होते.

१९५५ ला अहवाल देणाऱ्या मेघनाद साहांच्या समितीने ऋतूंना धरून राष्ट्रीय पंचांग दिले आणि ते १९५७ पासून सरकारी कागदांवर आले. शेतावर ते पोचले नाही. हा हिशेब असाच पुढे चालला तर सन ३००० मध्ये मृग २२ जूनला निघेल आणि जूनच्या दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्याला, पाऊस येतो त्या दिवसांना, आपली माणसे रोहिणी म्हणत असतील. लाल किडा तेव्हाही माती भिजल्यावरच वर येईल. त्याला कोणत्या नक्षत्राचे नाव द्यायचे, हा वाद किनवटच्या आणि आदिलाबादच्या मुलांनी तेव्हा करावा.