तांब्याचं रिव्हेट आणि कापसाची ओटी



सेलू-मानवतकडच्या काळ्या रानात कापूस वेचताना आपण कमरेला ओटी बांधतो. भरली की सोडायची, रिकामी करायची, पुन्हा बांधायची. आमच्या गटातल्या बायांनी ओटीला खालून तोंड ठेवलं आणि त्यात नाडी घातली. नाडी सोडली की कापूस खाली. प्रदर्शनात या ओट्या हातोहात खपल्या. महिन्याभरात बाजारात दुसऱ्याने शिवलेली तशीच ओटी टांगलेली दिसली. बायांचा जीव जळला. "ताई, पेटंट काढू," म्हणाल्या. बचतीतून पैसे काढायची तयारीही झाली. त्याआधी आम्ही पेटंटचा इतिहास वाचला. तोच आज सांगतो.

1870 च्या सुमाराची गोष्ट. अमेरिकेतल्या रेनो गावात जेकब डेव्हिस नावाचा शिंपी होता. एका लाकूडतोड्याची बायको त्याच्याकडे आली. नवऱ्यासाठी तिला न फाटणारी विजार हवी होती. डेव्हिस घोड्यांच्या झुलींना पट्टे लावायला तांब्याचे रिव्हेट वापरायचा. तेच त्याने खिशांच्या कोपऱ्यांवर ठोकले. खिसे उसवेनात, विजारींना मागणी वाढली. पेटंटसाठी पैसे नव्हते, म्हणून त्याने कापडाचे व्यापारी लेव्ही स्ट्रॉस यांना भागीदार केलं.

अर्ज आधी नाकारला गेला. रिव्हेट काही नवे नव्हते, सैनिकांच्या बुटांना ते लागतच होते. मग मागणी नेमकी केली, की विजारीच्या खिशाची शिवण ज्या कोपऱ्यात उसवते तिथेच रिव्हेट. 20 मे 1873 रोजी पेटंट मिळालं. त्याच वर्षी पुण्यात जोतीराव फुल्यांनी सत्यशोधक समाज स्थापला. आजची जीनची पँट त्या विजारीतूनच आली.

म्हणजे सुधारणा लहान आहे म्हणून पेटंट अडत नाही. मग अडतं कुठे?

आपल्या देशात पेटंटचा पहिला कायदा 1856 चा, आजचा 1970 चा. तो विचारतो, वस्तू नवी आहे का? आणि त्या कामातल्या जाणत्या माणसाला ती सहज सुचली असती का? मिर्झापूरच्या भांडी बनवणाऱ्यांचा एक खटला सर्वोच्च न्यायालयात गेला होता. लेथवर भांडं घट्ट धरून ठेवण्याच्या युक्तीचं पेटंट होतं. 1978 साली न्यायालयाने ते टिकू दिलं नाही. रोजच्या कारागिरीतली सुधारणा पुरेशी नाही, जुन्या गोष्टी जोडल्या तर त्यातून काही नवं निघालं पाहिजे, असा तो निकाल.

आता आपली ओटी. बटव्याला नाडी, परकराला नाडी, हे आपल्या आज्यांपासून चालत आलंय. शिवण येणाऱ्या कुठल्याही बाईला ती सुचली असती. शिवाय प्रदर्शनात विकल्यावर ती कायद्याच्या लेखी नवीही राहिली नाही. वाईट वाटलं, पण बचतीतले पैसे आम्ही काढले नाहीत.

मैत्रिणींनो, तुमच्या गटाला काही नवं सुचलं, तर प्रदर्शनात मांडण्याआधी आणि मोबाईलवर फोटो पाठवण्याआधी जाणकाराला विचारा. वस्तूचं रूप नवं असेल तर डिझाइनची नोंदणी होते. ती 10 वर्षं चालते, पुढे 5 वर्षं वाढवता येते. पण तीही वस्तू लोकांपुढे आणण्याआधीच करायची. गटाचं नाव मात्र ट्रेडमार्क म्हणून केव्हाही नोंदवता येतं.

आम्ही आता प्रत्येक ओटीवर गटाच्या नावाची पट्टी शिवतो. शिवण पक्की असेल, तर बाई पुढच्या वेचणीला तेच नाव विचारत येते.