दुर्गाबाई कामत : तळटीपेतील एक नटी

आपल्या चित्रपटाच्या आरंभाविषयी कोणास विचारावे, तर तो दादासाहेब फाळक्यांचे नाव घेतो, 'राजा हरिश्चंद्र' सांगतो, आणि अधिक माहितगार असला तर तारामतीचे काम अण्णा साळुंखे नावाच्या पुरुषाने केले होते, हेही हसत हसत सांगतो. त्याच १९१३ साली फाळक्यांनी नाशिकास 'मोहिनी भस्मासुर' घेतला, आणि त्यात स्त्रियांची कामे प्रथमच स्त्रियांनी केली. मोहिनी झाली कमलाबाई, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले. पार्वती झाली तिची आई, दुर्गाबाई कामत. मुलीस इतिहासाने पहिली नायिका म्हणून पदरात घेतले. आई तळटीपेत राहिली. परंतु ती मुलगी तेव्हा अवघी बारा-तेरा वर्षांची होती. या वयाची पोर आपण होऊन चित्रपटात जात नसते. तिला कोणीतरी नेलेले असते.

दुर्गाबाईंचे लग्न जे. जे. कलाशाळेत इतिहास शिकविणाऱ्या आनंद नानोस्कर यांच्याशी झाले होते. १९०३ च्या सुमारास पतिपत्नी विभक्त झाली. पांढरपेशा घरातील, पदरी लहान मूल असलेल्या स्त्रीस त्या काळी कोणते मार्ग उघडे होते? नातलगांच्या घरी उपकाराचे अन्न खावे, परक्याच्या घरी पोळपाट-लाटणे हाती घ्यावे, नाहीतर ज्याचे नाव घेऊ नये तो मार्ग धरावा. दुर्गाबाई फिरत्या नाटकमंडळीत शिरल्या. समाजाने पाठ फिरविली, आणि मुलगी चौथ्या वर्षी रंगभूमीवर उभी राहिली. आज यास कोणी धाडस म्हणतील. मला तो प्रथम पोटाचा प्रश्न वाटतो. धाडस त्यात आपोआप आले.

इकडे फाळक्यांची अडचण निराळीच होती. तारामतीसाठी त्यांनी जाहिराती दिल्या, बदनाम वस्तीतही चौकशी केली. पण कॅमेऱ्यासमोर यावयास कोणी स्त्री टिकेना. शेवटी ग्रँट रोडच्या एका खाणावळीतील स्वयंपाकी साळुंखे सापडले. प्रेक्षकांस त्यात वावगे वाटले नाही. वाटावे तरी कसे? गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली ती याच वर्षी, आणि बालगंधर्वांचे लुगडे नेसणे पाहून घरंदाज स्त्रिया आपले नेसणे सुधारीत होत्या.

अशात रघुनाथराव गोखल्यांच्या चित्ताकर्षक मंडळीचे प्रयोग काही काळ बंद होते, आणि मायलेकी मोकळ्या होत्या. फाळक्यांनी दोघींस बोलाविले. यात एक गंमत आहे, ती कोणी बोलून दाखविलेली मला आढळली नाही. तारामती ही खरीखुरी स्त्री, तिचे काम केले पुरुषाने. मोहिनी म्हणजे स्त्रीचे सोंग घेतलेला विष्णू, हे काम पुरुषाने केले असते तर पुराणास धरूनच झाले असते. ते केले मुलीने! आणि पतीवर संकट आलेल्या पार्वतीचे काम आले पतीपासून दूर झालेल्या बाईकडे.

हे लिहीत असता मी उरण-पनवेलच्या वाटेवरील जासईस आहे. या बाजूच्या आगरी लग्नांत धवलारीण बसते. भरल्या मांडवात, पुरुषांदेखत, ती धवले गाते, आणि तिच्या गाण्यावाचून विधी पुढे सरकत नाही. तिच्या अब्रूस त्याने धक्का लागत नाही, उलट तिचा मान होतो. शेतात, मिठागरात उघड्यावर राबणाऱ्या बायांचीही तीच गोष्ट. तेव्हा चारचौघांत स्त्रीने तोंड उघडणे हे 'आपल्या संस्कृतीस' मंजूर नव्हते, असे जे आपण सरसकट लिहितो, ते थोडे जपून लिहावे. ते आम्हा पांढरपेशांस मंजूर नव्हते, आणि इतिहासही आम्हीच लिहिला.

१९३२ साली प्रभातच्या 'अयोध्येचा राजा'त तीच तारामती दुर्गा खोटे यांनी केली. घराणे प्रतिष्ठित, शिक्षण इंग्रजी. चित्रपटाचा दरवाजा कुलीन स्त्रियांस त्यांनी उघडला असे म्हणतात, आणि ते खोटे नाही. मात्र एकोणीस वर्षांपूर्वी त्याच दरवाजातून दुसरी एक दुर्गाबाई मुलीचा हात धरून गेली होती. तिच्यामागे घराणे नव्हते, म्हणून दरवाजा उघडल्याचे श्रेयही नव्हते.

कमलाबाईंनी पुढे रघुनाथरावांशी लग्न केले. चंद्रकांत गोखले त्यांचे पुत्र, विक्रम गोखले नातू. रीना मोहन यांनी १९९१ च्या सुमारास त्यांच्यावर अनुबोधपट केला, तेव्हा त्या नव्वदीच्या घरात होत्या. दुर्गाबाईंविषयी आज जे ठाऊक आहे, त्यातील पुष्कळसे या लेकीच्या तोंडचे आहे. १९९७ च्या मे महिन्यात कमलाबाई वारल्या. कित्येक टिपणांत हेच वर्ष दुर्गाबाईंच्याही मृत्यूचे म्हणून दिलेले आढळते. मुलीचा जन्म १९०० च्या आसपासचा. त्या हिशेबाने आईचे वय शंभरीच्या कितीतरी पुढे जाते. ही साधी वजाबाकी करून पाहण्याचे कष्ट लिहिणाऱ्याने घेतलेले नाहीत.