दादासाहेब फाळके आणि त्यांचा प्रेक्षक

दादासाहेब फाळक्यांचे नाव निघाले की आम्ही नाशिककर 'भारतीय चित्रपटाचे जनक' एवढे म्हणून मोकळे होतो. जन्म १८७० चा, त्र्यंबकेश्वरचा. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा. आणि त्याच वर्षी मुंबई सोडून नाशकास आणलेला कारखाना. सनावळी आम्हांस पाठ असते. परंतु या गृहस्थाने समोर बसलेल्या माणसाला खेळात कसे ओढून घेतले, हे कोणी विचारीत नाही.

चित्रपटाकडे वळण्यापूर्वी फाळके छायाचित्रकार होते, मुद्रक होते, आणि आडनाव उलटे करून 'प्रोफेसर केल्फा' या नावाने जादूचे प्रयोगही करीत. आमच्या मते त्यांच्यातला हा जादूगार शेवटपर्यंत जागा होता. जादूगार आधी रिकामी पेटी दाखवितो, मगच तीतून कबूतर काढतो.

'कालिया मर्दन' (१९१९) आजही बराचसा पाहावयास मिळतो. त्यात कृष्ण झाली आहे दादासाहेबांची लहानगी कन्या मंदाकिनी. कथेला आरंभ होण्यापूर्वी ही मुलगी नुसते चेहऱ्यावरचे भाव पालटून दाखविते, आणि मग आपल्या डोळ्यांदेखत तिचा कृष्ण होतो. पेटी रिकामी आहे, पाहून घ्या! एवढे दाखवूनही पुढे डोहात उडी पडते तेव्हा श्वास रोखला जातोच. चित्रपट कसा तयार होतो, याचाही एक छोटा चित्रपट त्यांनी काढला होता. आपले गुपित चव्हाट्यावर मांडावयाला मोठा आत्मविश्वास लागतो.

'लंकादहन' (१९१७) लागला तेव्हा राम दिसताच लोक पायांतल्या वहाणा काढीत, असे सांगतात. गंमत अशी की तो राम आणि ती सीता, दोन्ही कामे अण्णा साळुंक्यांचीच. पण कीर्तनात बुवा क्षणात कैकेयी आणि क्षणात दशरथ होतात, हे ज्यांनी पाहिले त्यांस यात अडचण कसली? ज्याला अक्षरओळख होती तो पडद्यावरची पाटी मोठ्याने वाची, शेजारचे ऐकत. 'श्रीकृष्ण जन्म' (१९१८) या चित्रपटाचा जो थोडा भाग उरला आहे, त्यात तर देवासमोर हात जोडलेला समुदाय पडद्यावरच आहे. खाली बसलेल्यांनी त्यात मनाने सामील व्हावयाचे, एवढेच शिल्लक राहते.

१९३१ साली पडदा बोलू लागला, आणि पाटी वाचणाऱ्याचे काम संपले. दादासाहेबांनीही कोल्हापुरात 'गंगावतरण' (१९३७) हा एकच बोलपट केला, तो शेवटचा. उतारवयात हा माणूस आमच्याच गावात राहत होता. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी येथेच तो वारला. त्याच्या खेळांना टाळ्या पिटणारे गाव तोवर दुसऱ्या थिएटरांच्या रांगांत उभे होते. त्या रांगांत आमचेही वडीलधारे असतील.