सिल्विया बाताय : तळटीप आणि पडदा

आधुनिक फ्रेंच विचाराच्या इतिहासात सिल्विया बाताय (1908–1993) हे नाव बहुधा तळटिपेत येते : प्रथम जॉर्ज बाताय ह्यांची पत्नी, नंतर झाक लाकाँ ह्यांची. ती अभिनेत्री होती, ह्याचा उल्लेख केवळ तपशील म्हणून होतो. वस्तुतः ह्या दोन विचारवंतांनी ज्यांचा सिद्धान्त मांडला ते नाव आणि नजर हे दोन्ही प्रश्न तिच्या अल्पकालीन चित्रपट-कारकिर्दीत प्रत्यक्ष घडलेले दिसतात.

रुमानियन वंशाच्या ज्यू कुटुंबात, पॅरिसमध्ये जन्मलेल्या सिल्विया माक्लेसचा 1928 मध्ये बाताय ह्यांच्याशी विवाह झाला. 1934 मध्ये दोघे विभक्त झाले. पडद्यावर मात्र ती ह्याच आडनावाने वावरली. डाव्या विचारांच्या 'ऑक्टोबर गटा'तून ती रन्वार ह्यांच्या चित्रपटांत आली. 'ल क्रीम द मस्य लांज' (1936) ह्या चित्रपटात लबाड प्रकाशक पळून जाताना जिला रेल्वे स्थानकावर टाकून देतो, ती त्याची सेक्रेटरी एदित तिने साकारली.

त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात मोपासाँच्या कथेवरील 'पार्ती द कांपाञ्' ह्या चित्रपटाचे चित्रीकरण झाले. तीत ती हेन्रिएत ह्या पॅरिसच्या दुकानदाराच्या मुलीच्या भूमिकेत आहे. झोपाळ्यावर उभ्या असलेल्या तिच्याकडे खानावळीच्या खिडकीतून दोन तरुण पाहतात, आणि वाटेने जाणारे धर्मशाळेचे विद्यार्थीही. त्या विद्यार्थ्यांपैकी एक जॉर्ज बाताय आहेत. परंतु कॅमेरा केवळ पाहणाऱ्यांच्या बाजूने राहत नाही. तो हेन्रिएतबरोबर झोके घेतो. पाहिली जाणारी व्यक्ती स्वतःच्या आनंदाचीही धनी असू शकते, हे त्या दृश्यातून सिद्ध होते. बेटावरील प्रसंगात तर तिचा अश्रुपूर्ण चेहरा पडदा व्यापतो, आणि कथेतील उपरोध मागे पडतो.

संततच्या पावसामुळे चित्रीकरण अपुरे राहिले. सुमारे चाळीस मिनिटांची ही कृती 1946 मध्ये प्रदर्शित झाली. मधल्या दशकात युद्ध आले, आणि व्हिशी राजवटीच्या 1940 पासूनच्या ज्यूविरोधी कायद्यांनी चित्रव्यवसायाचे दरवाजे ज्यूंसाठी बंद करत नेले. कीर्तीला पोषक ठरावी अशी भूमिका लोकांपुढे आली तेव्हा कारकीर्द संपत आली होती.

1941 मध्ये लाकाँ ह्यांच्यापासून झालेली कन्या ज्युदित कायद्याने 'बाताय' म्हणून नोंदली गेली, कारण घटस्फोट 1946 पर्यंत झालेला नव्हता. पुढे 'पित्याचे नाव' ही संज्ञा लाकाँ ह्यांच्या मांडणीत केंद्रस्थानी आली. ह्या योगायोगावरून सिद्धान्ताचे मूळ शोधणे उतावीळपणाचे होईल. तथापि जिच्या आयुष्यात हे नाव कायद्याचा पेच होऊन आले, तिला केवळ त्याची वाहक मानणे हीही इतिहासलेखनाची त्रुटी आहे. अभिनेत्रीचे लेखन म्हणजे तिची दृश्ये. ती वाचल्याविना तिच्याविषयीची तळटीप अपुरीच राहते.