अबकारी रेषा आणि स्कॉच व्हिस्कीची चव

मद्य हा विषय आपल्या त्रैमासिकात यावा, याचे काही वाचकांस नवल वाटेल, क्वचित रागही येईल. आम्ही राज्य शासनाच्या अबकारी खात्यात उमेदीची वर्षे घालवली. मद्यावरचा कर मोजला, परवाने तपासले. चवीचा विचार मात्र निवृत्तीनंतर केला, तोही इतिहासाच्या वाटेने. तेव्हा आढळले की, स्कॉटलंडमधील प्रादेशिक व्हिस्कीची पहिली सीमा निसर्गाने नव्हे, तर आमच्याच पेशातील मंडळींनी आखली. सीमारेषांच्या अलीकडे-पलीकडे पिढ्यान्‌पिढ्या नांदलेल्या आपल्या घराण्यांना ही हकीकत परकी वाटू नये.

एकाच भट्टीघरात, केवळ मोड आणलेल्या जवापासून, तांब्याच्या पात्रांत गाळलेली आणि ओकच्या पिंपांत किमान तीन वर्षे मुरवलेली ती सिंगल माल्ट स्कॉच. 1784 च्या कायद्याने उत्तरेचे डोंगराळ हायलँड्स आणि दक्षिणेचे सखल लोलँड्स यांच्यामध्ये कराची रेषा ओढली गेली. उत्तरेस लहान भट्ट्यांना सौम्य कर. मात्र तेथील माल रेषेच्या दक्षिणेस विकण्यास बंदी. पुढे दक्षिणेत पात्राच्या आकारमानावर जबर कर बसला. तेव्हा तेथील भट्टीवाल्यांनी उथळ, पसरट पात्रे बनवून काही मिनिटांत एकेक घाणा उरकण्यास आरंभ केला. घाईचा माल रांगडा निघाला. सावकाश गाळलेल्या डोंगरी व्हिस्कीची कीर्ती वाढली आणि तिच्याबरोबर चोरटा व्यापारही.

ही करविषयक रेषा 1816 मध्ये रद्द झाली. 1823 च्या कायद्याने कर घटवून दहा पौंडांत परवाना देऊ केला. दुसऱ्याच वर्षी ग्लेनलिव्हेटच्या जॉर्ज स्मिथने तो घेतला आणि चोरट्या भट्टीवाल्या शेजाऱ्यांच्या भयाने तो कमरेला पिस्तुले बाळगून वावरू लागला. कर माफक असला की कायदा पाळला जातो, हा धडा आम्हांस नोकरीत फार उशिरा उमगला.

चवीचे दुसरे कारण इंधन. जव वाळवण्यास लोलँड्समध्ये कोळसा जवळ होता, म्हणून धुराचा वास नाही. स्पे नदीच्या खोऱ्यात 1863 मध्ये रेल्वे आली, तिच्याबरोबर कोळसा आला आणि धूर ओसरला. आयला बेटावर मात्र दलदलीतून कापलेले पीट हेच सरपण. त्याचा धूर जवात मुरला तो मुरलाच.

दहा-बारा वर्षे मुरलेल्या, त्यातल्या त्यात स्वस्त बाटल्यांतही हा भूगोल ओळखता येतो. लोलँड्सची ऑखेनटॉशन तीनदा गाळलेली, हलकी, लिंबाच्या सालीची आठवण देणारी. स्पेसाइडच्या ग्लेनफिडिकमध्ये नासपती आणि मध. हायलँड्सच्या ग्लेनमॉरंजीमध्ये संत्रे व व्हॅनिला. तेथील उंचच उंच पात्रांतून हलकी वाफच वर पोचते. कॅम्बेलटाउनच्या ग्लेन स्कॉशियाला किंचित तेलकट, खारट अंग. आयलाच्या बोमोरमध्ये मंद धूर, तर लॅफ्रॉइगमध्ये जखमेवरच्या आयोडीनचा वास. पहिल्या घोटास दवाखाना आठवतो. चार थेंब पाणी घातल्यास सुगंध मोकळा होतो.

1963 पासून ग्लेनफिडिकने सिंगल माल्ट देशाबाहेर नेटाने विकण्यास प्रारंभ केला. 1988 मध्ये युनायटेड डिस्टिलर्सने सहा प्रदेशांच्या नावे सहा व्हिस्क्या मांडल्या आणि प्रदेश हीच ओळख झाली. 2009 च्या नियमांनी प्रादेशिक नावांना कायद्याचे संरक्षण दिले, परंतु चवीचे बंधन घातले नाही. आज आयलाची बुनाहाव्हेन बहुतांशी धुराविना बनते, तर स्पेसाइडमध्ये धुराची व्हिस्कीही निघते.

आपल्याकडे ‘परवडणारी’ हा शब्द जपूनच वापरावा. जुलै 2025 मध्ये झालेल्या भारत-ब्रिटन करारात 150 टक्के आयात शुल्क प्रथम 75 आणि दहा वर्षांत 40 टक्क्यांवर आणण्याचे ठरले. राज्यांचा अबकारी कर त्याहून निराळा.

हे सारे लिहिण्याचे कारण व्हिस्की एवढेच नाही. इंदूरच्या मराठी घरांतल्या पोह्यांत बडीशेप आणि वर शेव पाहून, बेळगावच्या मराठीतला कानडी हेल ऐकून, पुण्या-मुंबईचे पाहुणे ‘हे अस्सल नव्हे’ म्हणतात. आम्हीही ते ऐकून पुष्कळदा ओशाळलो आहोत. स्कॉटलंडच्या त्या गावांनी कर सोसला, मिळेल ते सरपण जाळले, आणि त्या नाइलाजातून उतरलेल्या चवीलाच जगाने अस्सल मानले. आपल्या घरांची चवही अशीच शेजाराने, बाजाराने आणि सरकारी रेषांनी घडली आहे. यापुढे पाहुण्यांपुढे पोहे ठेवताना आम्ही ओशाळणार नाही.