सागरी तेलगळती आणि किनारी पर्यावरणाची पुनर्स्थापना : मुंबई किनाऱ्याच्या संदर्भात एक ऐतिहासिक आढावा

प्रस्तावना :
सोलापूर जिल्हा समुद्रापासून दूर असला तरी त्याच्या इंधनाचा मार्ग समुद्राशी जोडलेला आहे. मुंबईच्या तेलशुद्धीकरण कारखान्यापासून निघालेली तेलवाहिनी पुणेमार्गे सोलापूरजवळील पाकणी येथपर्यंत येते. मुंबईला लागणारे कच्चे तेल मात्र बॉम्बे हायसारख्या सागरी क्षेत्रातून अथवा जहाजांद्वारे परदेशातून येते. त्यामुळे सागरी तेलगळती हा केवळ किनाऱ्यावरील कोळी समाजाचा प्रश्न मानता येत नाही. समुद्रातील तेल हटविणे आणि बाधित पर्यावरण पूर्ववत करणे ही दोन भिन्न कार्ये आहेत. त्यांपैकी पहिल्याची व्यवस्था आधी उभी राहिली व दुसरे दीर्घकाळ मागे पडले, हे प्रस्तुत निबंधात स्पष्ट करण्याचा प्रयत्न केला आहे.

प्रतिबंधक यंत्रणेची जडणघडण :
१८ मार्च १९६७ रोजी 'टॉरी कॅन्यन' हे तेलवाहू जहाज इंग्लंडमधील कॉर्नवॉलजवळ खडकावर आदळले. त्यात सुमारे १ लाख २० हजार टन कच्चे तेल होते. तवंग विखुरण्यासाठी वापरलेल्या तत्कालीन विषारी रसायनांनी अनेक ठिकाणी तेलापेक्षाही अधिक जीवहानी केली. घाईने केलेला उपाय अपायकारक ठरू शकतो, हा या घटनेचा धडा होय. पुढे १९६९ मध्ये जहाजमालकावर नुकसानभरपाईचे दायित्व टाकणारा आंतरराष्ट्रीय करार झाला. तथापि तो मुख्यतः तेलाची मालवाहतूक करणाऱ्या जहाजांपुरता मर्यादित होता.

भारतात १९७४ मध्ये बॉम्बे हाय येथे तेल सापडले व १९७६ पासून उत्पादन सुरू झाले. १९७७ मध्ये भारतीय तटरक्षक दल स्थापन झाले आणि १९८६ मध्ये सागरी तेलगळतीविरुद्धच्या कार्यवाहीची जबाबदारी त्याच्याकडे आली. १७ मे १९९३ रोजी बॉम्बे हाय येथील तेलवाहिनी फुटून तवंग मुरूडच्या किनाऱ्याकडे सरकला. १९९६ मध्ये राष्ट्रीय तेलगळती आपत्ती आकस्मिक योजना अमलात आली.

२०१० ची दुर्घटना :
या योजनेची कसोटी ७ ऑगस्ट २०१० रोजी लागली. जवाहरलाल नेहरू बंदरातून बाहेर पडणारे 'एमएससी चित्रा' आणि मुंबई बंदराकडे येणारे 'खलिजिया-३' यांची टक्कर झाली. 'चित्रा' कलंडले, शेकडो कंटेनर समुद्रात पडले आणि सुमारे ८०० टन इंधन तेल सांडले. दोन्ही बंदरांची वाहतूक काही दिवस ठप्प झाली. तटरक्षक दलाने जहाजे व हेलिकॉप्टर यांच्या साहाय्याने रसायनांची फवारणी केली आणि गळती दोन-तीन दिवसांत थांबली. परंतु पावसाळी वारे तवंग किनाऱ्याकडे लोटत होते. उरण, एलिफंटा व अलिबाग परिसरातील तिवरांपर्यंत तेल पोहोचले. नारळी पौर्णिमेनंतरचा मासेमारीचा हंगाम तोंडावर असतानाच ग्राहकांत मासे खाण्याविषयी भीती पसरली.

पुनर्स्थापनेची उपेक्षा :
तिवरांची श्वसनमुळे चिखलाबाहेर असतात. त्यांवर तेलाचा थर बसल्यास मुळांना हवा मिळत नाही. चिखलात मुरलेले तेल प्राणवायूच्या अभावी मंद गतीने विघटित होते. यंत्रे वा माणसे आत गेल्यास तेल अधिक खोल दाबले जाते. म्हणूनच तेथे साफसफाईपेक्षा दीर्घकालीन निरीक्षण व आवश्यक तेथे पुनर्लागवड महत्त्वाची ठरते. २०१० मध्ये या कार्यासाठी राज्यात स्वतंत्र यंत्रणा नव्हती. महाराष्ट्राच्या वन विभागाचा कांदळवन कक्ष २०१२ मध्ये स्थापन झाला.

भरपाईच्या बाबतीतही हीच स्थिती होती. 'चित्रा'मधून सांडलेले तेल माल नव्हे, तर जहाजाचे स्वतःचे इंधन होते. अशा इंधनासंबंधीचा २००१ चा आंतरराष्ट्रीय करार २००८ मध्ये अमलात आला होता, परंतु त्यात सामील होण्यास केंद्रीय मंत्रिमंडळाने २०१५ मध्ये मान्यता दिली. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण टकरीनंतर दोन महिन्यांनी, ऑक्टोबर २०१० मध्ये अस्तित्वात आले. ४ ऑगस्ट २०११ रोजी कोळसा घेऊन जाणारे 'रॅक' हे जहाज मुंबईजवळ बुडाले. त्या प्रकरणी न्यायाधिकरणाने १०० कोटी रुपयांच्या पर्यावरणीय भरपाईचा आदेश दिला, तो २३ ऑगस्ट २०१६ रोजी, म्हणजे पाच वर्षांनंतर.

निष्कर्ष :
उपरोक्त विवेचनावरून असे दिसून येते की, गळती थांबविण्याचे काम दिवसांत मोजले जाते, तर किनारा सावरण्याचे काम वर्षांत. यंत्रणेची रचना मात्र प्रामुख्याने पहिल्या कामासाठी झाली. किनारा पूर्ववत करावयाचा तर पूर्वी तेथे काय होते याची नोंद हवी. तिवरांची घनता, चिखलातील जीव, मासळीची आवक यांच्या नियमित नोंदी नसतील, तर हानी सिद्ध होत नाही, भरपाईला आधार मिळत नाही आणि पुनर्स्थापना पूर्ण झाली की नाही हेही ठरविता येत नाही. वनस्पतिशास्त्र, प्राणिशास्त्र, रसायनशास्त्र व भूगोल या विभागांच्या सहकार्याने अशा नोंदी ठेवणे महाविद्यालयांच्या आवाक्यातील आहे. हे काम पुढील दुर्घटनेपूर्वीच व्हावयास हवे. तवंग किनाऱ्याला लागल्यानंतर पूर्वस्थितीची नोंद करता येत नाही.